इस्तंबूलमधलं व्हेनिसचं घर: तह, दुभाषे आणि नऊशे दिवे

२९ मे १४५३ रोजी उस्मानी सुलतान दुसरा मेहमद याने कॉन्स्टँटिनोपल, म्हणजे आजचं इस्तंबूल, जिंकलं. शहराच्या बचावात व्हेनिसची माणसंही लढली होती. तिथला व्हेनिसचा प्रतिनिधी जिरोलामो मिनोत्तो याला सुलतानाने ठार मारलं. पण वर्ष उलटायच्या आत, १८ एप्रिल १४५४ ला, व्हेनिसने त्याच सुलतानाशी तह केला आणि त्याच शहरात नवा प्रतिनिधी बसवला.

हे समजून घ्यायचं तर व्हेनिसची अडचण आधी पाहावी लागते. खाजणातल्या बेटांवर वसलेलं हे शहर, स्वतःची शेती जवळजवळ नाही. धान्य, कापूस, रेशीम, मिरी सगळं समुद्रावरून यायचं आणि त्यातला मोठा भाग पूर्वेकडून. १५१६-१७ मध्ये उस्मानींनी सीरिया आणि इजिप्तही घेतले. मग अलेप्पो असो, अलेक्झांड्रिया असो, व्यापार करायचा तर परवानगी एकाच दरबारातून मिळवावी लागणार होती. या दोन सत्तांमध्ये १४६३-७९, १४९९-१५०३, १५३७-४०, १५७०-७३ आणि १६४५-६९ अशी मोठी युद्धं झाली, तरी प्रत्येक युद्धानंतर कामकाज पुन्हा जवळपास त्याच पद्धतीने सुरू झालं. भूमध्य समुद्राचा इतिहास सांगताना लढायांना फार जागा मिळते. दोन लढायांच्या मधली वर्षं ज्या कारभारावर चालली, तो मला जास्त महत्त्वाचा वाटतो.

सगळ्याचा पाया म्हणजे अहदनामा. मराठ्यांच्या इतिहासातले कौल वाचलेल्यांना त्याचं रूप ओळखीचं वाटेल. सुलतानाने देवाची शपथ घेऊन दिलेलं ते वचन असे. माथ्यावर त्याचा तुघरा, म्हणजे नावाची नक्षीदार राजमुद्रा, आणि खाली कलमं. व्हेनिसच्या व्यापाऱ्यांनी निर्धास्त यावं-जावं. एकाच्या कर्जासाठी दुसऱ्याला धरू नये. व्हेनिसच्या माणसांचे आपापसातले तंटे त्यांच्याच प्रतिनिधीने सोडवावेत. कोणी व्यापारी उस्मानी मुलखात वारला तर त्याची मालमत्ता सरकारजमा न करता त्या प्रतिनिधीच्या ताब्यात द्यावी. अशा बारीकसारीक गोष्टींवर व्यापार उभा असतो.

इथली मेख अशी की वचन देणारा सुलतान मेला की वचनही संपतं. म्हणून नवा सुलतान गादीवर आला की अहदनामा नव्याने करून घ्यायचा: १५१३ मध्ये पहिल्या सलीमकडून, १५२१ मध्ये सुलेमानकडून, १५६७ मध्ये दुसऱ्या सलीमकडून, १५७५ मध्ये तिसऱ्या मुरादकडून. त्यात उशीर झाला तर दूरच्या बंदरातल्या जकात अधिकाऱ्याला 'तुमचा जुना कागद आता चालत नाही' असं म्हणायची सोय मिळे. शिवाय नवा मसुदा लिहिताना एखादं कलम गळलं किंवा एखादा शब्द बदलला तर पुढची कित्येक वर्षं त्याची किंमत मोजावी लागे. त्यामुळे मोहोर उमटण्याआधी नवा मसुदा जुन्याशी ओळ न् ओळ ताडून पाहणं हे दुभाष्याचं मोठं जोखमीचं काम होतं. तारखांचाही घोळ होता. उस्मानी कागदावर हिजरी वर्ष आणि व्हेनिसच्या कागदावर १ मार्चला सुरू होणारं त्यांचं स्वतःचं वर्ष. व्हेनिसच्या कागदावर 'फेब्रुवारी १५७२' दिसलं तर आपल्या हिशेबाने तो फेब्रुवारी १५७३ असतो. हे विसरून कागद क्रमाने लावले की उत्तर आधी आणि प्रश्न नंतर असा प्रकार होतो.

इस्तंबूलमधल्या व्हेनिसच्या प्रतिनिधीला बाइलो म्हणत. तो व्हेनिसच्या सरदार घराण्यातला असे आणि सोळाव्या शतकात साधारण दोन-तीन वर्षं तिथे राही. वकील, न्यायाधीश, व्यापाऱ्यांचा मुखिया आणि हेरखात्याचा प्रमुख ही सगळी कामं एकाच माणसाकडे. त्याचं घर मुख्य शहरात नव्हतं. गोल्डन हॉर्न या खाडीच्या पलीकडे, गलाता या वस्तीच्या तटाबाहेर, पेराच्या द्राक्षमळ्यांच्या टेकडीवर होतं. घरात सांकेतिक लिपी जाणणारा चिटणीस, हिशेबनीस, धर्मगुरू, वैद्य, आचारी, मोतद्दार, दुभाषे आणि तुर्की शिकणारी मुलं राहत. दारावर जानिसारी, म्हणजे सुलतानाच्या खास पायदळातल्या, शिपायांचा पहारा. ते रक्षणासाठी असत आणि घरात कोण येतं-जातं हेही त्यांना दिसे.

आता एक नेहमीचं प्रकरण घेऊ. एड्रियाटिक समुद्रात व्हेनिसचं जहाज उस्मानी मुलखातल्या चाच्यांनी लुटलं, माल विकला, खलाशी गुलाम केले. अहदनाम्याप्रमाणे माल आणि माणसं परत मिळायला हवीत. ती मिळवायची कशी?

आधी पुरावा. जहाजाच्या तांडेलाची शपथेवरची जबानी, मालाची यादी, चाच्याचं नाव आणि माल कुठल्या बंदरात उतरला ती जागा, एवढं तरी हाताशी लागे. मग दुभाषा ठरलेल्या साच्यात छोटा तुर्की अर्ज लिही: घटना दोन-चार ओळींत, मग 'हे अहदनाम्याविरुद्ध आहे', मग मागणी. लांबण लावलेला अर्ज वाचलाच जात नसे. सोळाव्या शतकात दिवाण, म्हणजे वजीरांची दरबारी सभा, आठवड्यातून चार दिवस, शनिवार ते मंगळवार, बसे. पण त्याआधी वजीराच्या कारभाऱ्याला आणि कारकुनांच्या मुख्याला भेटून प्रकरण कानावर घातलेलं बरं असे, कारण दिवाणात तेच ते पुढे सरकवत. मान्य झालं की हुकूम निघे. तो अमुक ठिकाणच्या काझीला आणि संजाकबेला, म्हणजे जिल्ह्याच्या लष्करी अधिकाऱ्याला, उद्देशून असे. आधी तक्रार जशीच्या तशी, मग आज्ञा. त्याची नक्कल दरबारच्या वहीत उतरे आणि मूळ कागद बाइलोच्या हाती येई.

इथवर आलेली प्रकरणंही पुढे अडकत. हुकमात बहुतेक वेळा 'गोष्ट सांगितल्याप्रमाणे असेल तर' अशी अट असे. काझीला टाळायचं असेल तर 'तसं सिद्ध झालं नाही' एवढं म्हणणं पुरे. त्यात काझीच्या न्यायात मुसलमानाविरुद्ध ख्रिस्ती माणसाची साक्ष चालत नसे. म्हणून जाणते व्यापारी सौदा झाल्या झाल्या काझीकडे नोंद करून दाखला घेत किंवा मुसलमान साक्षीदार आधीच धरून ठेवत. हुकूम पोचेपर्यंत अधिकाऱ्याची बदली झाली असेल तर नव्याच्या नावाने पुन्हा हुकूम. नुसता कागद पाठवला तर तो पडून राही. म्हणून बाइलो पदरचे पैसे देऊन दरबारचा चावूश, म्हणजे सुलतानाचा हुकूम घेऊन फिरणारा अंमलदार, सोबत पाठवी. आणि चाचे अल्जिअर्सचे किंवा ट्युनिसचे असले तर हे सगळं करूनही हाती फारसं लागत नसे, कारण तिथले लोक इस्तंबूलचं जेवढं सोयीचं तेवढंच ऐकत.

या साखळीतली प्रत्येक कडी दुभाष्याच्या हातून जाते. बाइलोला तुर्की येत नसे आणि वजीराला इटालियन. सुरुवातीला व्हेनिस पेरातल्या जुन्या कॅथलिक घराण्यांतल्या लोकांकडून हे काम करून घेई. पण ते सुलतानाची प्रजा, बायकामुलं तिथेच, मग वजीर डोळे वटारून बोलला तर ते बाइलोच्या वतीने ताठ कसे बोलणार? म्हणून १५५१ मध्ये सिनेटने ठरवलं की व्हेनिसच्या नागरिकांची तरुण मुलं बाइलोच्या घरी ठेवून त्यांना तुर्की शिकवायची. घरात पगारी तुर्की शिक्षक, काही वर्षं लिहिणं-वाचणं, मग ज्येष्ठ दुभाष्याच्या मागे दिवाणात जाणं. कल्पना उत्तम होती, निकाल मात्र मध्यम. परक्या शहरात आलेली मुलं आजारी पडत, काही अर्ध्यातून परत जात, आणि ज्या घराण्यांना बाजूला सारायचं होतं त्यांचीच मुलं हळूहळू या शाळेत भरती झाली. साल्वागो, बोरिसी, ब्रुत्ती, ग्रिल्लो, तार्सिया ही घराणी एकमेकांत लग्नं करून हा पेशा पिढ्यान् पिढ्या सांभाळत राहिली. पुढे १६६९ मध्ये फ्रान्सने आणि १७५४ मध्ये व्हिएन्नाने अशाच शाळा काढल्या.

दुभाष्याने शब्दाला शब्द ठेवून चालत नसे. उस्मानी दरबाराच्या रिवाजी भाषेत सुलतान सर्वांच्या वर आणि परके राजे त्याच्या उंबरठ्याशी निष्ठा दाखवणारे. तेच पत्र इटालियनमध्ये उतरताना निष्ठेची मैत्री होई. उलट बाजूने बाइलोची करारी मागणी तुर्कीत नम्र विनंती होऊन जाई. दोन्ही दरबारांना आपापला मान शाबूत दिसे आणि काम पुढे जाई. पण यात दुभाष्याच्या हाती केवढी सत्ता येते ते लक्षात घ्यायला हवं. व्हेनिसनेही ते ओळखलं होतं. त्यामुळे इस्तंबूलहून मूळ तुर्की पत्र येई तेव्हा व्हेनिसमध्ये त्याचा वेगळा तर्जुमा होई. १५५० पासून हे काम मिकेले मेंब्रे करत असे. तो सायप्रसचा, तरुणपणी, १५३९ ते १५४२ मध्ये, व्हेनिसचा निरोप घेऊन इराणच्या शाहकडे जाऊन आलेला.

जोखीम मात्र सगळी दुभाष्याच्या डोक्यावर. बाइलोला हात लावायचा तर युद्धाची भीती, पण त्याचं बोलणं सांगणारा हाताशी असे. व्हेनिसचा मुख्य दुभाषा मार्कांतोनियो बोरिसी याला १६२० मध्ये वजीराच्या हुकमावरून मारण्यात आलं. क्रीटच्या युद्धात, १६४९ मध्ये, जोव्हान्नी अंतोनियो ग्रिल्लोचा गळा आवळण्यात आला आणि बाइलो जोव्हान्नी सोरांझो कैदेत पडला. व्हेनिसचे हे सेवक व्हेनिसच्या इतिहासात तळटीपेपुरते उरले आहेत, याचं वाईट वाटतं.

सुलतानाची भेट हा यातला सगळ्यात देखणा आणि सगळ्यात कमी बोलण्याचा भाग. वकिलाला बोलवायचा दिवस बरेचदा मुद्दाम जानिसारींच्या पगाराचा निवडत. पगार तीन महिन्यांनी होई. हजारो शिपाई निःशब्द उभे, समोर चामड्याच्या पिशव्यांत नाणी, हे परक्या वकिलाने पाहावं असा त्यामागचा हेतू. वकील पेराहून नावेने खाडी ओलांडून येई, पुढे घोड्यावरून राजवाड्यात, मग दिवाणात वजीरांबरोबर जेवण. त्यानंतर त्याला आणि त्याच्या माणसांना खिलती, म्हणजे मानाचे झगे, चढवत. खिलती किती आणि कुठल्या प्रतीच्या, हे आधीच घासाघीस करून ठरलेलं असे. गेल्या वकिलापेक्षा एक जरी कमी मिळाली तरी ती बातमी बाकीच्या वकिलांच्या घरी पोचे. शेवटी दोन द्वारपाल त्याचे दोन्ही दंड धरून त्याला आत नेत. वकील सुलतानाच्या हाताचं किंवा वस्त्राच्या काठाचं चुंबन घेई, दुभाषा चार वाक्यं बोले, पत्र हातोहात पुढे सरके. बाहेरून पेशकश वाहणाऱ्यांची रांग खिडकीवरून जाई. सुलतान बहुधा गप्पच असे. बोलणी व्हायची ती नंतर, वजीराच्या घरी.

भेटवस्तूंचं गणित अवघड होतं, कारण एकदा दिलेली वस्तू पुढच्या वेळी रिवाज बनते. रेशमी आणि जरीची कापडं, मखमल, व्हेनिसजवळच्या मुरानो बेटावरची काच आणि इटलीतलं पिआचेन्झाकडचं कडक चीज यांना दरबारात कायम मागणी. चीज ऐकून नवल वाटेल, पण महिनोन् महिने टिकणारा, बोटीतून न बिघडता येणारा आणि इस्तंबूलमध्ये न बनणारा पदार्थ भेट म्हणून उत्तमच. काही मागण्या मात्र नुसतं सामान पाठवून भागत नव्हत्या. १५६९ मध्ये वजीर सोकुल्लू मेहमद पाशाने बाइलो मार्कांतोनियो बार्बारो याच्यामार्फत मुरानोला नऊशे काचेचे दिवे सांगितले, मशिदीत साखळीने टांगायचे. बार्बारोने पत्रासोबत दिव्यांची रेखाटनं पाठवली आणि ती आजही व्हेनिसच्या दफ्तरात आहेत. रेखाटनांची गरज उघड आहे. मशिदीतला दिवा पाहिलेला कारागीर मुरानोत कुठला? नुसत्या वर्णनावर काम सोपवलं असतं तर पोट, मान आणि साखळीच्या कड्या यांचं प्रमाण चुकलं असतं. नऊशे चुकीचे दिवे म्हणजे नुकसान झालंच, वर वजीराची नाराजी. पैसे घ्यायचे की भेट म्हणून सोडायचे, हाही प्रश्न व्हेनिसलाच सोडवायचा. कारण हाच वजीर धान्याच्या निर्यातीवर आणि कैद्यांच्या सुटकेवर सही करणारा.

वस्तूंबरोबर माणसंही पाठवली जात. जानेवारी १४७९ मध्ये सोळा वर्षांचं युद्ध संपलं तेव्हा मेहमदने चांगला चित्रकार मागितला. व्हेनिसने जेंतीले बेल्लीनीला पाठवलं. स्वतःच्या महासभागृहातलं काम थांबवून पाठवलेला हा माणूस, यावरून त्या शांततेची किंमत कळते. सुलतानाच्या लंडनमधल्या प्रसिद्ध चित्रावर २५ नोव्हेंबर १४८० ही तारीख आहे.

आता टपाल. इस्तंबूलची बातमी व्हेनिसला पोचायला किती दिवस लागत? १४९७ ते १५३२ या काळातल्या नोंदी मोजून निघालेला हिशेब असा: सरासरी ३७ दिवस, लवकरात लवकर १५, उशिरात उशिरा ८१. पत्र पायी दूतांकडून, बरेचदा माँटेनेग्रोच्या डोंगरी माणसांकडून, बाल्कन ओलांडून कोतोर बंदरात जाई आणि तिथून वेगवान बोटीने पुढे. वाटेत बर्फ, लुटारू, पूर आणि समुद्रात उलटा वारा. म्हणून महत्त्वाच्या पत्राच्या दोन-तीन प्रती वेगवेगळ्या दिवशी निघत. मजकुराचा नाजूक भाग सांकेतिक आकड्यांत असे. उत्तर यायला दोन-अडीच महिने धरले, तर बाइलोला बहुतेक निर्णय स्वतःच्या जबाबदारीवर घ्यावे लागत हे उघड आहे. शेवटच्या टप्प्यावर प्लेगची धास्ती. व्हेनिसने १४२३ मध्ये आजाऱ्यांसाठी आणि १४६८ मध्ये संशयितांसाठी वेगळी बेटं राखली होती. पूर्वेकडून आलेली माणसं आणि माल तिथे अडवून ठेवत, कागदालाही धुरी देत किंवा व्हिनेगर लावत.

हेरगिरीला तर सांकेतिक लिपीही लागत नसे. आंद्रेआ ग्रित्ती हा इस्तंबूलमधला धान्याचा व्यापारी आरमाराच्या बातम्या व्यापारी पत्राच्या भाषेत, मालाच्या बाजारभावासारख्या लिहून पाठवी. १४९९ मध्ये तो पकडला जाऊन तुरुंगात पडला. पण वजीराशी त्याची ओळख इतकी पक्की होती की १५०३ च्या तहाच्या बोलणीत तोच उपयोगी पडला, आणि १५२३ मध्ये तो व्हेनिसचा डोजे, म्हणजे राज्यप्रमुख झाला.

युद्ध पेटलं की सगळ्यात आधी भरडले जात ते बंदरातले खलाशी. १५३७ मध्ये अलेक्झांड्रियात सापडलेल्या व्हेनिसच्या गलबतांवरची माणसं पकडून सुएझला नेली आणि १५३८ मध्ये पोर्तुगीजांवर चालून गेलेल्या उस्मानी आरमारावर घातली. भूमध्य समुद्रातले हे खलाशी थेट आपल्या पश्चिम किनाऱ्यावर, दीवच्या वेढ्यात येऊन पोचले. त्यांच्यातल्या एकाने लिहिलेली प्रवासाची हकीकत पुढे व्हेनिसमध्ये छापून निघाली.

बाइलोचं घर मात्र युद्धातही पूर्ण बंद होत नसे. मार्च १५७० मध्ये कुबाद चावूश व्हेनिसला येऊन सायप्रस सोडण्याची मागणी ठेवून गेला. युद्ध जुंपलं आणि बार्बारो आपल्याच घरात नजरकैदेत पडला. तरी त्याची गुप्त पत्रं जात राहिली. सोकुल्लूला हे युद्ध फारसं नको होतं. त्याच्या विश्वासातला यहुदी वैद्य सोलोमन अश्केनाझी निरोप इकडून तिकडे नेई. ऑक्टोबर १५७१ मध्ये लेपांतोला ख्रिस्ती आरमार जिंकलं, युरोपभर घंटा वाजल्या, आणि त्याच सुमाराला पेरातल्या या बंद घरातून तहाची बोलणी चालू होती. ७ मार्च १५७३ ला तह झाला. सायप्रस गेलं, वर तीन लाख डुकाट, म्हणजे व्हेनिसची सोन्याची नाणी, भरावे लागले, पण व्यापार पुन्हा सुरू झाला. पुढच्या वर्षी तोच अश्केनाझी सुलतानाचा वकील म्हणून व्हेनिसला आला.

उलट दिशेची वाट कमी सांगितली जाते. बोस्निया, अल्बेनिया, अनातोलियाचे मुसलमान व्यापारी लोकर, मेण, कातडी आणि उंटाच्या केसांचं कापड घेऊन व्हेनिसला येत. ते शहरभर भाड्याने राहत, आणि त्यातून भांडणं, चोऱ्या, शेजाऱ्यांच्या तक्रारी निघत. त्यांना एकत्र राहायची जागा द्यावी असा अर्ज १५७४ मध्येच झाला होता. १५७९ मध्ये एक खाणावळ त्यांच्यासाठी राखली, ती अपुरी पडली. अखेर १६२१ मध्ये ग्रँड कॅनालवरचा एक जुना वाडा त्यांना दिला गेला. नियम कडक: सूर्य मावळला की बाहेरून कुलूप, शेजारच्या घरांकडच्या खिडक्या चिणलेल्या, हत्यारं आणि दारूगोळा दारावर जमा, बायका आणि लहान मुलांना मज्जाव. बोस्निया-अल्बेनियाचे लोक एका भागात आणि इस्तंबूल-अनातोलियाचे दुसऱ्यात, कारण त्यांचं आपापसात पटत नसे. यात संशय आहेच. पण व्यापाऱ्याला इथे स्वतःची कोठी, नमाजाची जागा आणि हमाम मिळाला, माल सुरक्षित राहिला, आणि अहदनाम्यातल्या 'निर्धास्त यावं-जावं' या कलमाला व्हेनिसच्या बाजूनेही एक पक्का पत्ता मिळाला. व्हेनिसचं प्रजासत्ताक १७९७ मध्ये बुडालं. त्यानंतरही चाळीस वर्षं, १८३८ पर्यंत, तुर्की व्यापारी या वाड्यात उतरत होते.